घासलेली कढई

माझ्या आत्याचे मोठे दीर, म्हणजे नात्याने माझे काका, यांच्यामुळे मी आज मुंबईत टिकून आहे, हे पहिल्याच ओळीत लिहून ठेवतो. पुढे मी त्यांच्याविषयी बरंच वाकडं लिहिणार आहे, ते वाचून मी उपकार विसरलो असं कोणाला वाटायला नको. मला आधीच काळज्या पुष्कळ आहेत. तर काकांइतका सतत रागावलेला माणूस साऱ्या मुंबई इलाख्यात दुसरा नसेल. इतर माणसं शांत असतात आणि मधूनमधून रागावतात. काका रागावलेले असत आणि मधूनमधून झोपत. माझगावच्या गोदीपासून डिलाईल रोडच्या टोकापर्यंत ज्याच्यावर ते एकदा तरी संतापले नाहीत असा मासेवाला, असा खानावळवाला आणि असं झाकण ठेवलेलं पातेलं मिळणं कठीण. बरं, सरकारवर, घरमालकावर, नळाला पाणी न येण्यावर सगळेच रागावतात. काका रागावत ते जास्त शिजलेल्या भाजीवर. एखाद्याने कोणाचं डोकं फोडलं तर काका एकवेळ त्याची बाजू ऐकून घेतील, पण कोलंबी अर्धा तास उकळणाऱ्याला त्यांच्याकडे माफी नव्हती.

काका बावीस वर्षं बोटीवर स्वयंपाकी होते. एका मालवाहू बोटीच्या भटारखान्यात त्यांच्या वर एक चिनी म्हातारा होता, त्याला ते 'उस्ताद' म्हणत. उस्तादाने पहिली दोन वर्षं त्यांना नुसतं कापायला लावलं. गाजर, कोबी, कांद्याची पात, दिवसभर तेच, आणि तुकडे एकसारखे पडले नाहीत की सुरीची मूठ बोटांवर. साऱ्या जगावर आवाज चढवणारे काका या उस्तादाविषयी बोलताना तेवढे हळू बोलत. बोट सोडताना उस्तादाने आपली गोल बुडाची लोखंडी कढई त्यांना दिली. ती काकांच्या माझगावच्या खोलीत देवांच्या तसबिरींशेजारी खिळ्याला टांगलेली असे, आणि खरं सांगायचं तर तसबिरींपेक्षा जास्त वेळा पुसली जाई. होती काळीकुट्ट. इतक्या वर्षांच्या तेलाने आणि जाळाने तिला आतून एक गुळगुळीत काळा थर चढला होता, आणि त्या थरामुळेच तिला काही म्हणता काही चिकटत नसे. म्हणून तिला साबण नाही, राख नाही, काथ्या नाही. वापरून झाली की गरम पाणी, कोरडं फडकं आणि वरून तेलाचं बोट. "ह्या काळ्यात सिंगापूर आसा, कोलंबो आसा, माझी सगळी उमेद आसा," असं काका म्हणत आणि ऐकणाऱ्याने मान हलवली नाही तर त्याच्यावरही रागावत.

मी वेंगुर्ल्याकडचा. मराठी पाचवीत असताना वडील गेले आणि शाळा सुटली. बाविसाव्या वर्षी मुंबईला आलो तो डिलाईल रोडला आमच्या गावच्या मंडळाच्या खोलीत. खोली एक, माणसं सोळा. झोपायचं पाळीपाळीने, रांधायचंही पाळीपाळीने. रोज सकाळी गिरणीच्या दारात बदलीसाठी, म्हणजे गैरहजर कामगाराच्या जागी घेतील या आशेने, उभं राहायचं आणि 'आज नाही' ऐकून परत यायचं, एवढाच माझा उद्योग. अशाच एका दिवशी रांधायची पाळी माझी होती. आई करायची तसं सुंगटांचं, म्हणजे कोलंबीचं, कालवण मी शेगडीवर ठेवलं होतं. काका कोणाला तरी भेटायला आले होते, ते सरळ आत शिरले, झाकण उचललं आणि माझ्याकडे असं बघितलं की मी बसल्या जागी उभा राहिलो.

"कधी ठेवलंस?"

"अर्धो तास झालो."

"अर्धो तास." मेलेल्या माणसाच्या तोंडावर चादर ओढावी तसं त्यांनी झाकण परत ठेवलं. "मेल्या, सुंगट एकदाच मरूक व्हया. जाळ्यात मेलां, पुरे झालां. टोपात परत कित्याक मारतंस?"

खोलीतले सगळे खो खो हसले. परमुलखात पहिल्याच महिन्यात सोळा माणसांदेखत असा अपमान, मला संताप आला, आणि संताप आला की मला रडू येतं, त्याचा आणखी संताप आला. पण जाताना ते दारात वळले आणि म्हणाले, "कांदो मात्र बरो कापलंस. रविवारी माझगावाक ये."

रविवारी गेलो, मग दर रविवारी जात राहिलो, आणि हळूहळू मला काकांच्या रागाचा नकाशा कळत गेला. भाजी चावायला लागली पाहिजे. चावायची नाही तर देवाने दात कशाला दिले, हा पहिला सिद्धांत. दुसरा याहून भयंकर. "नारळ म्हणजे चुकी झाकूचा पांघरूण," असं ते म्हणत. वेंगुर्ल्यात जन्मून असं बोलणारा माणूस मी तोवर पाहिला नव्हता, आणि गावात कोणी बोललं असतं तर त्याच्या घरचं पाणी कोणी प्यायलं नसतं. गिरगावात त्यांच्या सख्ख्या भाच्याचं लग्न होतं. पंगतीत वाढलेली भाजी एक घास खाऊन काका उठले, मागे आचाऱ्याकडे गेले आणि अगदी नम्रपणे विचारलं, "ही कसली भाजी?" आचारी म्हणाला, "फरसबी." काका म्हणाले, "होती." मग हात धुऊन चालत माझगावला परतले. त्यांच्या बहिणीने पुढे वर्षभर अबोला धरला, तर काका उलट तिच्यावरच चिडले, की आचारी ठरवताना मला विचारायला काय झालं होतं.

गोदीच्या मागे एका चिनी दुकानदाराकडे सोयाबीनचा काळा खारट सॉस मिळायचा, तो आणायला काका जात. ते दारूबंदीचे दिवस. एकदा वर्तमानपत्रात बाटली गुंडाळून आम्ही येत असताना हवालदाराने अडवलं. बाटलीत काळं पाणी, लेबलावर न वाचता येणारी अक्षरं, आणि बाटली धरणाऱ्या माणसाचे डोळे लाल. काकांचे डोळे रागाने बाराही महिने लाल असत, हे त्या हवालदाराला कोण सांगणार. मला तर डोळ्यांसमोर तुरुंग, गाव आणि आई असं सगळं ओळीने दिसून गेलं. "काय आहे यात?" हवालदाराने विचारलं. "चाखून बघा," काका म्हणाले. हवालदाराने झाकण उघडून एक दणदणीत घोट घेतला आणि खोकत खोकत भिंतीला टेकला. झालं, काका भडकले. बाटली संशयावरून धरल्याचा त्यांना राग नव्हता. हा माल घोटाने प्यायल्याचा होता. भर रस्त्यात त्यांनी त्याला सॉस किती थेंब, केव्हा आणि कढईच्या कोणत्या कडेने सोडायचा हे समजावायला घेतलं. शेवटी हवालदारच म्हणाला, "आजोबा, मला ड्यूटी आहे, जाऊ द्या मला."

संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली तेव्हा काकांना आयुष्यात प्रथमच आपल्याइतकी रागावलेली माणसं भेटली आणि ते फार खूश झाले. मुंबईसह महाराष्ट्र मिळालाच पाहिजे म्हणून सत्याग्रह केला, पकडले गेले, काही दिवस आत राहिले. आमच्या खोलीतले दोघे त्यांच्याबरोबर होते, ते सांगत की पहिले दोन दिवस काका द्वैभाषिक राज्यावर बोलले आणि तिसऱ्या दिवशी तुरुंगातल्या कोबीवर. इतके बोलले की कंटाळून त्यांना भटारखान्यात पाठवलं. मग पुढचे दिवस सत्याग्रहींना करकरीत कोबी मिळू लागला, आणि 'सरकार आपल्याला कच्चं खायला घालतं' म्हणून सत्याग्रहींनीच तक्रार केली. त्या दोघांना काकांनी अजून माफ केलेलं नाही. ज्यांना दोन मिनिटं धीर धरून भाजी खाता येत नाही त्यांना राज्य चालवायला कसं जमणार, हा त्यांचा सवाल.

इकडे माझं काही जमत नव्हतं. मंडळाने मला बोलावून शांतपणे सांगितलं, की शिमग्यापर्यंत काम लागलं तर ठीक, नाहीतर शिमग्याला गावी जाणाऱ्या बोटीत तूही बस आणि परत येऊ नकोस, खोलीत नव्या माणसाला जागा लागते. त्यांचं चूक नव्हतं. पण गावी परत जायचं म्हणजे चुलत्याच्या पडवीत आईला जेमतेम मिळालेल्या कोपऱ्यात आणखी एक खाणारं तोंड नेऊन बसवायचं. मी हे काकांना सांगितलं तेव्हा ते मंडळावर रागावले, गिरणीवर रागावले, माझ्यावर रागावले, आणि दुसऱ्या दिवशी आपल्या जुन्या वैऱ्याच्या दारात जाऊन उभे राहिले. हा वैरी म्हणजे त्यांच्याच बोटीवरचा एक गोवेकर बटलर. बावीस वर्षं काकांनी त्याच्या प्रत्येक पातेल्यात खोट काढली होती. आता तो गोदीजवळ बोटींच्या अधिकाऱ्यांसाठी चालणाऱ्या एका मेसचा मुख्य होता आणि त्याला हाताखाली एक स्वयंपाकी हवा होता. काकांनी त्याची विनवणी केली. काकांनी विनवणी केली, हे वाक्य लिहितानाही मला खोटं वाटतं. बटलर म्हणाला, "रविवारी बारा वाजता येतो. चिनी पद्धतीची कोलंबी आणि भाजी करायची. त्या मुलाने एकट्याने. तू हात लावायचा नाहीस."

आठवडाभर काकांनी मला झोपू दिलं नाही. सगळं कापून वाट्यांत मांडल्याशिवाय स्टोला हात लावायचा नाही. गाजर आणि फरसबी आधी, कारण ती कडक. मग फ्लॉवर, भोपळी मिरची, कोबी. कांद्याची पात अगदी शेवटी. कोलंबीला अंड्याचा पांढरा बलक आणि आरारूट चोळून ठेवायचं. कढईतून धूर निघाला की तेल, मग आलं-लसूण, मग कोलंबी, ती वळली आणि गुलाबी झाली की लगेच बाहेर. भाज्या झाल्या की ती परत आत, कडेने सॉस, आणि उतरव. "एकशेवीस मोजीपर्यंत सगळां झालां पायजे," ते म्हणत आणि स्वतःच इतक्या भराभर मोजत की मी शंभरावर असताना ते पानं मांडत असत.

रविवारी सकाळी आम्ही भाऊच्या धक्क्यावर कोलंबी आणायला गेलो. काकांनी एकेक कोलंबी उचलून उजेडात धरायला सुरुवात केल्यावर कोळीण म्हणाली, "ए म्हाताऱ्या, कोलंबी घेतोस का तिचं लगीन जमवतोस?" काका तिच्याशी पुरतं भांडून, टोपली भरून, प्रसन्न मनाने परतले. जाताना खोलीची किल्ली नेहमीप्रमाणे समोरच्या मावशींकडे ठेवली होती. या मावशी साताऱ्याकडच्या. नवरा गिरणीत, मूलबाळ नाही, आणि माझ्यावर जीव. आज माझ्या नोकरीचा दिवस आहे, मोठा पाहुणा जेवायला येणार आहे, हे त्यांना ठाऊक होतं. आम्ही जिना चढून आलो तर मावशी दारातच उभ्या होत्या.

"या," त्या म्हणाल्या, "आणि बघा आधी."

खिळ्याला कढई टांगलेली होती आणि ती आरशासारखी चकाकत होती. तिच्यात खिडकी दिसत होती, मी दिसत होतो.

"पाहुण्यासमोर ती काळी कढई काढणार होतात होय? बघून माणूस जेवला नसता. आधी चिंच लावली, मग राख, मग विटेची पूड. दोन तास नळावर बसले होते. निघतच नव्हतं मेलं."

मी डोळे मिटून घेतले. फरसबी मऊ झाली म्हणून भाच्याच्या लग्नातून उठून येणारा माणूस आता काय करील, या विचाराने हातातली टोपली हळूच खाली ठेवली. डोळे उघडून बघितलं तर काका कढईकडे बघतच नव्हते. ते मावशींच्या हातांकडे बघत होते. बोटांची सालं निघाली होती आणि नखांत विटेची लाल पूड होती.

"बरी झाली हो," काका म्हणाले. "अशी चकचकीत मी ती कधी बघितली नव्हती." आणि ते खरंच होतं.

मावशी समाधानाने आपल्या खोलीत गेल्या. काकांनी दार लोटलं, स्टो पेटवला, कढई तापवून तिच्यात तेल फिरवलं, कांद्याची पात टाकून जाळली, पुसली, पुन्हा तेल, पुन्हा जाळ. खोलीभर धूर झाला. ते ओरडले असते तर मला बरं वाटलं असतं. बावीस वर्षांचा थर तासाभरात कुठून यायचा? जेमतेम तपकिरी डाग पडले, आणि जिन्यावर बटलरचे बूट वाजले.

तेल धुरावलं, आलं-लसूण गेलं, कोलंबी गेली आणि पडल्या जागी चिकटली. झाऱ्याने खरवडली तशी फाटली. त्या क्षणी माझ्या अंगात आईचा हात संचारला, की घाल पाणी, ठेव झाकण, सुटेल सगळं. तांब्या उचलला सुद्धा. मग ठेवून दिला. चिकटली तशीच काढली, कढई पुसली, आणखी तेल घातलं, भाज्या एकदम न टाकता थोड्या थोड्या परतल्या. काका कोपऱ्यात हात मागे बांधून, भिंतीकडे तोंड करून उभे होते. मोजत नव्हते.

मावशी पाहुण्यांसाठी पापड भाजायला गेल्या होत्या. बटलरने दोन घास खाल्ले. मग एक कोलंबी बोटाने उलटी केली, तिची फाटलेली बाजू बघितली, कढई बघितली, आणि जेवण थांबवून विचारलं, "ही उस्तादाची ना? घासली कोणी?"

मी तोंड उघडलं. नोकरी माझी, गाव माझं, आई माझी. मी सांगणारच होतो. पण काका दाराकडे एक नजर टाकून घाईघाईने म्हणाले, "मी."

"तू?"

"मी. म्हातारपण. दुसरा काय?"

बटलर हसायला लागला. बावीस वर्षं साठवलेलं हसू होतं ते. तो मांडीवर थाप मारून हसला, डोळे पुसून पुन्हा हसला. "मला कढया शिकवणारा हा माणूस," असं म्हणून माझ्याकडे बोट दाखवून हसला, आणि मी, ज्याच्यासाठी हे सगळं चाललं होतं तो मी, मान खाली घालून वाट्या गोळा करत राहिलो. तेवढ्यात मावशी पापड घेऊन आल्या आणि पाहुण्याला इतकं हसताना बघून म्हणाल्या, "आवडलं वाटतं." हात धुताना बटलर मला म्हणाला, "तुकडे एकसारखे आहेत. कोलंबी चिकटली तरी पाणी नाही घातलंस. उद्या सकाळी ये. आणि याला आमच्या भटारखान्यात पाऊल टाकू देऊ नकोस, कढया घासून ठेवील."

ती गोष्ट आठवड्याभरात साऱ्या गोदीत पसरली. काकांचे जुने सोबती रस्त्यात दिसले की विचारायचे, "काय, आज किती कढया घासल्या?" मला आजही त्या लोकांचा संताप येतो, बटलरचा येतो, आणि सगळ्यात जास्त त्या वाट्या गोळा करणाऱ्या माझा येतो. काका मात्र ऐकून पुढे चालू लागत. मी एकदा धीर करून विचारलं, की खरं का नाही सांगितलं. तेव्हा नेहमीसारखे खेकसले, "तो बटलर तोंडावर बोलणारो माणूस. तो मावशीक बोललो असतो. कढई परत काळी करूक मी जिवंत आसंय, पण तिका काय सांगूचा होता?" मावशी अजून साऱ्या चाळीला सांगतात की त्यांनी घासलेल्या कढईत माझी नोकरी शिजली. मी मान हलवतो.

आता महाराष्ट्र झाला, आणि काका गावी जाऊन राहिलेत. पत्रं येतात, त्यांत गावच्या भाजीवरचा राग असतो. मी मेसमध्ये रोज दीडशे पानं वाढतो, आणि परवा सगळ्यांच्या शेवटी, उभ्याउभ्याच, गार झालेलं खाताना एकाएकी ध्यानात आलं, की त्या इतक्या रविवारांत मी काकांना गरम जेवताना एकदाही बघितलं नाही. ते करायचे, आम्ही खायचो, आणि आमचं होईपर्यंत ते पुढच्या वाट्या भरत असायचे. मला ते दिसलं नाही. मी भुकेला होतो. अजून इथली रजा माझ्या हातात नाही आणि बोटीचंही नक्की नाही. पण एक दिवस मी त्यांच्या अंगणात चूल पेटवीन, त्यांना पाटावर बसवीन, उठू देणार नाही, आणि जाळावरून उतरल्या क्षणी पहिलं वाढप त्यांच्या पानात घालीन. मग त्यात काय काय चुकलं ते त्यांनी संध्याकाळपर्यंत सांगावं. मी समोर बसून सगळं ऐकून घेईन.